छपराचं बिल कुणाच्या नावावर?

घराच्या कागदपत्रांत चर्च कुठून आलं, या एका प्रश्नापायी माझा अख्खा वीकेण्ड इंग्लंडच्या खेड्यापाड्यांत गेला. आणि पाचशे-सहाशे वर्षं जुन्या दगडांनी चक्क हिशेब समजावून सांगितला!

गोष्ट सुरू होते ती एका फाइलपासून. माझी मावसबहीण आणि जिजू इंग्लंडमध्ये सफोक परगण्यात नोकरी करतात. मी त्यांच्याकडे सुट्टीला गेले तेव्हा दोघं पहिलं घर घ्यायच्या गडबडीत होते. डायनिंग टेबलवर कागदांचा हा ढीग! होमलोनचं ऑफर लेटर, ड्रेनेजची लाइन कुठून जाते त्याचा नकाशा, पुराचा धोका किती याचा रिपोर्ट... आणि मध्येच एक कागद, ‘चॅन्सेल रिपेअर सर्च’ नावाचा.

‘‘ताई, हे काय प्रकरण आहे गं?’’

‘‘चर्चचं. त्याच्या दुरुस्तीचा खर्च आपल्या बोकांडी बसणार नाही ना, ते वकील बघून घेतो.’’

‘‘आपण चर्चला जात नसलो तरी?’’

‘‘तू कोण, कुठे जातेस याचा संबंधच नाही. जमीन कुठली आहे ते महत्त्वाचं.’’

मला वाटलं, ताई फिरकी घेतेय. रात्री नेटवर बसले आणि झोपच उडाली.

वॉरिकशायरमध्ये ॲस्टन कॅन्टलो नावाचं गाव आहे. शेक्सपियरच्या आईवडिलांचं लग्न तिथल्याच चर्चमध्ये लागलं असं मानतात. या गावातलं एक शेत एका जोडप्याकडे वारशाने आलं. शेताबरोबर आली एक जुनी जबाबदारी. गावच्या मध्ययुगीन चर्चचा एक भाग, म्हणजे चॅन्सेल, दुरुस्त करायचा खर्च या जमिनीच्या मालकाने द्यायचा! नव्वदच्या दशकात चर्चने पैसे मागितले. जोडपं कोर्टात गेलं, मधल्या पायरीवर जिंकलंही. पण २००३ मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने निकाल चर्चच्या बाजूने दिला. दुरुस्तीची रक्कम ठरली ती १ लाख ८६ हजार पौंडांच्या वर. वकिलांची फी वेगळी.

त्यानंतर कायदा थोडा नरमला. अशी जबाबदारी सरकारी दप्तरात नोंदवायला चर्चना १३ ऑक्टोबर २०१३ पर्यंत मुदत दिली गेली. त्यानंतर विकल्या गेलेल्या घरावर आधीची नोंद नसेल, तर नव्या मालकाला सहसा धोका नाही. तरीही ‘कशाला रिस्क घ्या’ म्हणून वकील आजही तपासणी करतात, काही जण स्वस्तातला विमासुद्धा काढतात. एकविसाव्या शतकातल्या होमलोनमध्ये बाराव्या-तेराव्या शतकातला खर्च! मी ठरवलं, हे चॅन्सेल एकदा डोळ्यांनी बघायचंच.

एक इमारत, दोन मालक

आधी छोटासा फंडा क्लिअर करू या. इंग्लंडमधल्या जुन्या गावच्या चर्चचे ढोबळ दोन भाग. एक नेव्ह, म्हणजे लोक जमतात तो मोठा दिवाणखाना. आपल्या भाषेत सभामंडप म्हणा. दुसरा भाग चॅन्सेल, पूर्वेकडचा, जिथे वेदी असते आणि पाद्री उपासना करतो. म्हणजे साधारण गाभारा.

तेराव्या शतकापर्यंत इंग्लंडमध्ये एक रीत पक्की झाली होती. चॅन्सेल नीट ठेवायचं काम रेक्टरचं, कारण गावच्या पिकाचा दहावा हिस्सा त्याला मिळायचा. नेव्हची जबाबदारी गावकऱ्यांची. एकाच छपराखाली दोन खाती! पुढे अनेक ठिकाणी रेक्टरचे हक्क मठांकडे गेले. सोळाव्या शतकात आठव्या हेन्रीने मठ बरखास्त करून जमिनी विकल्या, तेव्हा हक्क आणि जबाबदाऱ्या दोन्ही साध्या जमीनदारांकडे गेल्या. ताईच्या टेबलावरचा तो कागद आला तो इथून.

ही दोन खात्यांची गोष्ट एकदा कळली ना, की कुठलंही जुनं इंग्लिश चर्च बघताना एकच प्रश्न पुरतो: याचं बिल कुणी भरलं?

मेंढ्यांच्या जिवावर

शनिवारी सकाळी जिजूंनी गाडी काढली आणि आम्ही लॅव्हनमला पोचलो. आज लॅव्हनम म्हणजे वाकड्यातिकड्या लाकडी घरांचं, पोस्टकार्डावर शोभणारं गाव. पण १५०० च्या आसपास ते इंग्लंडमधल्या श्रीमंत गावांपैकी एक होतं. धंदा लोकरीच्या कापडाचा.

चर्चचा टॉवर लांबूनच दिसतो, उंची १४१ फूट. बांधकामाकडे नीट बघा. सफोकमध्ये बांधायला धड दगड नाही, मिळते ती चकमकीची गार. म्हणून या भागातल्या कारागिरांनी तीच गार फोडून, तिच्या काळ्या चकचकीत बाजूला फिकट घडीव दगडाची चौकट देऊन भिंतींवर नक्षी केली. हा घडीव दगड लांबून आणायचा, म्हणजे आला खर्च. तो कुणी केला याची सही टॉवरवरच आहे. इथले जहागीरदार डी व्हीअर यांचा तारा दिसतो आणि कापडाचे बडे व्यापारी स्प्रिंग यांची चिन्हंही. थॉमस स्प्रिंग १५२३ मध्ये वारला तेव्हा मृत्युपत्रात त्याने या टॉवरसाठी २०० पौंड ठेवले. चिरंजीव ब्रँडिंग म्हणतात ते हे!

आत शिरल्यावर खरी गंमत. नेव्ह उंच, खिडक्या एवढ्या मोठ्या की भिंत जवळजवळ काचेचीच. आणि चॅन्सेल? जुना, बुटका, चौदाव्या शतकातला. व्यापाऱ्यांनी नेव्ह आणि टॉवर नवे केले, चॅन्सेल राहिला तसाच. दोन खात्यांची रेघ डोळ्यांसमोर उभी!

तिथून चार-पाच मैलांवर लाँग मेलफर्ड. तिथे देणगीदारांची नावं चर्चच्या बाहेरच्या भिंतीवर, दगडातच कोरलेली. आपल्याकडे देवळाच्या पायरीवर, पंख्याच्या पात्यावर नाव असतं ना, तसंच. पण त्यामागे धास्ती होती. मेल्यानंतर आत्मा शुद्ध होईपर्यंत यातना भोगतो आणि जिवंत माणसांच्या प्रार्थनेने तो काळ कमी होतो, ही तेव्हाची श्रद्धा. म्हणून नाव वाचा आणि आमच्यासाठी दोन शब्द म्हणा, अशी ती विनवणी आहे.

गरिबांच्या वह्या

पण लॅव्हनमसारखे धनाढ्य सगळीकडे कुठे होते? डेव्हन परगण्यातल्या मोरबाथ गावात सोळाव्या शतकात जेमतेम ३३ कुटुंबं होती. तिथला पाद्री ख्रिस्तोफर ट्रायके १५२० ते १५७४ म्हणजे तब्बल ५४ वर्षं एकाच गावात राहिला आणि चर्चचे हिशेब लिहीत गेला. इतिहासकार एमन डफी यांनी या वह्यांवरून २००१ मध्ये एक अख्खं पुस्तक लिहिलं.

या वह्यांमध्ये चक्क संतांच्या नावाने मेंढ्या आहेत! या घरी या संताची एक, त्या घरी दुसऱ्याची. लोकर विकायची, पैसे त्या संताच्या दिव्याला. तरुण मुलांचं वेगळं खातं, मुलींचं वेगळं. ‘चर्च एल’ नावाची जंगी बीअर पार्टी व्हायची आणि नफा चर्चच्या दुरुस्तीला. गणपती मंडळाच्या वर्गणीचीच आठवण आली मला. फरक इतकाच की पावतीऐवजी ग्लास!

ट्रायकेच्या मनात एक इच्छा होती. मृतांसाठीच्या प्रार्थनेला घालायचा काळा पोशाख घ्यायचा. त्यासाठी गावाने २० वर्षं पै-पै साठवली. १५४७ मध्ये पोशाख आला. आणि नेमकं त्याच वर्षी राज्य बदललं. सहाव्या एडवर्डच्या सरकारने प्रॉटेस्टंट सुधारणा जोरात सुरू केल्या. पुतळे काढा, दिवे विझवा, मृतांसाठी प्रार्थना बंद. मोरबाथचा पोशाख बिनकामाचा झाला, संतांच्या मेंढ्या गेल्या. १५४९ मध्ये परगण्यात बंड पेटलं तेव्हा या चिमुकल्या गावाने पाच तरुण पाठवले, त्याचाही खर्च वहीत आहे. बंड चिरडलं गेलं.

हे वाचून मला खरंच गलबललं. कारण पाडापाडीचा इतिहास आपण राजांच्या नावाने वाचतो. पण ज्यांनी मेंढी पाळून दिवा लावला होता, त्यांनाच तो विझवावा लागला.

पावसाने उघडलेलं चित्र

रविवारी वेनहॅस्टनला गेलो. गाव छोटं, चर्चही साधं. आत कुणी नाही, दार नुसतं ढकललं की उघडतं. आणि समोर लाकडी फळ्यांवरचं भलंमोठं चित्र: कयामतचा दिवस. थडग्यांतून उठणारी माणसं, पापपुण्य तोलणारा देवदूत, एका बाजूला स्वर्ग, दुसऱ्या बाजूला नरकाचा जबडा. सोळाव्या शतकाच्या सुरुवातीचं काम.

हे चित्र पूर्वी कुठे होतं माहितीये? नेव्ह आणि चॅन्सेलच्या मधल्या कमानीत, अगदी त्या रेघेवर. लोकांनी मान वर केली की हेच दिसायचं. चित्राच्या पुढे क्रूसावरचा येशू, मेरी आणि संत जॉन यांचे कोरीव पुतळे होते. सुधारणेच्या लाटेत पुतळे उतरवले, चित्रावर चुना फासला आणि त्यावर बायबलमधली वचनं रंगवली. पुढची तीनशे वर्षं ते चित्र कुणालाच आठवलं नाही.

१८९२ मध्ये चर्चची डागडुजी निघाली. जुन्या पांढऱ्या फळ्या मोडीत काढून बाहेर आवारात टाकल्या. रात्री पाऊस पडला, चुना धुऊन गेला आणि सकाळी फळ्यांवर चेहरे दिसायला लागले! आज चित्रात सगळ्यात जास्त लक्षात राहतात त्या कोऱ्या जागा. पुतळे जिथे ठोकलेले होते तिथे रंग लागलाच नव्हता, त्यामुळे क्रूसाची आणि दोन माणसांची रिकामी आकृती उरलीये. जे नाही तेच दिसतं.

तिथून तीन मैलांवर ब्लायबर्ग. दलदलीच्या कडेला उभं विशाल चर्च, छताच्या मधोमध पंख पसरलेले लाकडी देवदूत. त्यांच्या अंगात शिशाचे छर्रे सापडले. वर्षानुवर्षं सगळे म्हणायचे की ही करामत विल्यम डाउसिंगची. हा गडी १६४३-४४ मध्ये सरकारी हुकूम घेऊन सफोक आणि केंब्रिजशायरमधल्या शेकडो चर्चेसमधली चित्रं-काचा फोडत फिरला आणि त्याची डायरीही लिहिली. ब्लायबर्गलाही तो आला होता हे खरंय. पण छर्रे त्याचे नाहीत. चर्चच्या हिशेबवहीत १७६१ ची नोंद सापडली, आत घुसलेले जॅकडॉ पक्षी मारायला दारूगोळ्याचा खर्च! इथेही उत्तर बिलातच.

चर्च वाचायचं कसं?

तुम्हीही कधी गेलात तर ही पॉकेट गाइड:

• गोल कमान, जाड भिंत, छोट्या खिडक्या: नॉर्मन. १०६६ मध्ये नॉर्मन लोकांनी इंग्लंड जिंकल्यानंतरची. हेरफर्डशायरमधलं किल्पेक बघाच, ११४० च्या आसपासचं. छताखालच्या दगडी ब्रॅकेट्सवर कुत्रा, ससा, विचित्र चेहरे अशी धमाल आहे. मागे गढीची टेकडी, म्हणजे बिल भरणारा सरदार शेजारीच राहायचा!

• टोकदार कमान, भाल्याच्या पात्यासारख्या उंच अरुंद खिडक्या: अर्ली इंग्लिश. साधारण ११९० नंतर.

• खिडकीच्या वरच्या भागात दगडाची वळणदार जाळी: डेकोरेटेड. साधारण १२५० ते १३५०.

• सरळ उभ्या रेषा, भिंतभर काच: पर्पेंडिक्युलर. १३५० च्या सुमारापासून सोळाव्या शतकापर्यंत.

यातली अर्ली इंग्लिश, डेकोरेटेड, पर्पेंडिक्युलर ही नावं रूढ केली थॉमस रिकमनने, १८१७ च्या आपल्या पुस्तकातून. आणि हा रिकमन कोण? लिव्हरपूलमधल्या एका इन्शुरन्स ब्रोकरकडे हिशेब लिहिणारा! नोकरी सांभाळून तो जुनी चर्चेस बघत हिंडायचा, स्केचेस काढायचा, आणि पुढे आर्किटेक्ट झाला. क्यूबिकलमध्ये बसून वीकेण्डची वाट बघणाऱ्यांनो, होप आहे!

एक सूचना मात्र. एका चर्चला एक शैली, असं क्वचितच असतं. पैसे आले की काम सुरू, संपले की बंद. १३४८-४९ च्या प्लेगने इंग्लंडची निदान एक तृतीयांश माणसं नेली, तेव्हा तर सगळंच हललं. लंडनला परतताना आम्ही वाट वाकडी करून हर्टफर्डशायरमधल्या ॲशवेलला गेलो. टॉवरच्या आतल्या भिंतीवर कुणीतरी लॅटिनमध्ये खरडून ठेवलंय, प्लेगमधून वाचलेल्यांच्या हालाबद्दल आणि १३६१ च्या मोठ्या वादळाबद्दल. अक्षरं ओबडधोबड. लॅव्हनमच्या टॉवरवर कोरायला पैसे लागले. इथे नुसतं टोकदार काहीतरी पुरलं.

ओव्हल मैदानाच्या समोर

आता म्हणाल, याचा आपल्याशी काय संबंध? आहे ना!

कुलाब्याचं अफगाण चर्च पाहिलंय? पहिल्या अफगाण युद्धात मेलेल्यांच्या स्मरणार्थ बांधलेलं, १८५८ मध्ये खुलं झालेलं. ते तेराव्या शतकातल्या अर्ली इंग्लिश शैलीचीच एकोणिसाव्या शतकातली आवृत्ती आहे. आणि ओव्हलसमोरचा राजाबाई टॉवर आणि विद्यापीठाचं सभागृह? आर्किटेक्ट सर जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट. भारतात पाऊलही न ठेवता त्याने ही डिझाइन्स पाठवली. टॉवरचे पैसे दिले प्रेमचंद रायचंद या कापूस बाजाराच्या राजाने, आईच्या नावाने. लॅव्हनमला लोकर, मुंबईला कापूस!

हाच स्कॉट इंग्लंडमध्ये जुन्या चर्चेसच्या ‘रिस्टोरेशन’चा सुपरस्टार होता. त्या काळातल्या आर्किटेक्ट मंडळींना मध्ययुग इतकं आवडायचं, की खरं मध्ययुग काढून त्यापेक्षा ‘परफेक्ट’ मध्ययुग बसवायचे. १८७७ मध्ये स्कॉट ट्यूक्सबरीच्या चर्चला हात लावणार हे कळल्यावर कवी आणि डिझायनर विल्यम मॉरिस भडकला. त्याने एका साप्ताहिकात पत्र लिहिलं आणि जुन्या इमारती वाचवणारी संस्थाच काढली. तिचं म्हणणं साधं होतं: गळतंय तिथे दुरुस्त करा, पण इतिहास खरवडू नका. ती संस्था आजही काम करते.

आणि ट्यूक्सबरीच का वाचवायचं? तिथला मठ १५४० मध्ये बरखास्त झाला. तेव्हा गावकरी म्हणाले, नेव्ह आमचंच आहे, पहिल्यापासून. उरलेल्या भागासाठी त्यांनी राजाला ४५३ पौंड मोजले. घंटा आणि छपरावरचं शिसं यांची ती किंमत. गावाने वर्गणी काढून अक्षरशः छप्पर विकत घेतलं, म्हणून ते आज उभं आहे.

आता पाळी कुणाची?

चर्च ऑफ इंग्लंडची आज सुमारे १६ हजार चर्चेस आहेत, त्यातली १२ हजारांहून जास्त संरक्षित यादीत. आणि ऐकून धक्का बसेल, पण रोजच्या देखभालीचा भार ना सरकार उचलतं ना वरचं मुख्यालय. तो उचलतात गावातले मूठभर लोक, बहुतेक साठीच्या पुढचे. त्यात छपरावरचं शिसं चोरणाऱ्या टोळ्या. एका रात्रीत पत्रा जातो आणि पुढच्या पावसात आठशे वर्षांचं लाकूड भिजतं.

काही ठिकाणी वाट निघालीये. ज्या चर्चेसमध्ये नियमित उपासना होत नाही त्यांच्यासाठी १९६९ मध्ये एक निधी सुरू झाला. आजची ‘चर्चेस कॉन्झर्व्हेशन ट्रस्ट’ ती हीच, ३५० हून जास्त चर्चेस सांभाळणारी. तिनेच ‘चॅम्पिंग’ काढलं, म्हणजे चर्चमध्ये कॅम्पिंग! पैसे भरा आणि उन्हाळ्यात रात्रभर मध्ययुगीन छताखाली झोपा. नॉरिच शहरात तर एका जुन्या चर्चमध्ये बाहुल्यांचं थिएटर आहे, दुसऱ्यात आर्ट्स सेंटर. त्या आर्ट्स सेंटरमध्ये १९८९ मध्ये निर्वाणा वाजवून गेली. कुणी नाक मुरडतं. पण मोरबाथच्या बीअर पार्ट्या आठवल्या की वाटतं, नेव्ह होतंच लोकांचं. तिथे गजबज असायचीच.

वेनहॅस्टनहून निघताना एक आजी भेटल्या. फुलं बदलायला आल्या होत्या. चित्राबद्दल मी भरभरून बोलत होते, आणि त्या हसून वर बघत होत्या. चित्राकडे नाही, छताकडे. एका कोपऱ्यात ओलीचा डाग होता. मला तो दिसलाही नव्हता.

ताईचा ‘चॅन्सेल सर्च’ पुढच्या आठवड्यात क्लीन आला. म्हणजे कायद्याने तिला एक पौंडसुद्धा द्यायचा नाही. पण त्या रविवारी दाराजवळच्या पेटीत वीस पौंडांची नोट टाकताना मी तिला पाहिलं होतं. विचारलं तर म्हणाली, ‘‘अगं, राहायचंय ना इथे आता!’’